हुकूमनामा हातात आहे, आता वसुली कोणत्या वाटेने?

रावेर-यावलकडच्या केळी उत्पादकाने व्यापाऱ्यावर दावा लावला, निकाल बाजूने लागला, म्हणजे पैसे देण्याचा न्यायालयाचा लेखी आदेश, हुकूमनामा, हाती आला, तरी पैसे आपोआप खात्यात येत नाहीत. त्यासाठी वेगळी दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, लावावी लागते, तीही 12 वर्षांच्या आत. दरखास्तीत नेमकं काय मागायचं हा निर्णय मात्र तुमचा आहे, आणि तो रागाच्या भरात घेऊ नका.

पहिली मागणी बहुधा एकच असते, 'त्याले जेलमा टाका.' राग रास्त आहे. पण कायदा आधी विचारतो, पैसे असून हा देत नाही की याच्याकडे नाहीतच? खरोखर ऐपत नसलेल्याला केवळ कर्जापायी कैदेत ठेवता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1980 सालीच स्पष्ट केलं आहे. समोरच्याची ऐपत आहे हे तुम्हाला दाखवावं लागतं, आणि कैदेतल्या माणसाचा जेवणाखाण्याचा भत्ताही तुम्हालाच आगाऊ भरावा लागतो. रक्कम 5,000 रुपयांच्या वर असेल तर जास्तीत जास्त तीन महिने, 2,000 किंवा त्याखाली असेल तर कैद नाहीच. पैशाच्या हुकूमनाम्यात स्त्रीला अटक होत नाही. सुटून आल्यावर देणं कायम राहतं, पण त्याच हुकूमनाम्यात पुन्हा अटक करता येत नाही. म्हणजे हे हत्यार एकदाच चालतं. ते पहिल्याच तारखेला वाया घालवू नये, असं माझं ठाम मत आहे.

त्याऐवजी आधी मालमत्तेचं शपथपत्र मागा. हुकूमनाम्याची रक्कम 30 दिवस थकली की दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 21, नियम 41 खाली देणेकऱ्याला आपल्या मिळकतीची यादी शपथेवर द्यायला न्यायालय सांगू शकतं. हा आदेश मोडला तर त्यासाठी वेगळी तीन महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते. ही यादी हातात आली की पुढची वाट बरीचशी आपोआप ठरते.

देणेकरी भुसावळला रेल्वेत किंवा आयुध निर्माणीत नोकरीला असेल तर पगाराची जप्ती मला सगळ्यांत भरवशाची वाटते. पहिले 1,000 रुपये आणि उरलेल्याचा दोन-तृतीयांश सोडून बाकीचं कापता येतं. सूट असलेले भत्ते वगळून पगार 40,000 धरला, तर महिन्याला 13,000. मात्र एका हुकूमनाम्यात एकूण 24 महिनेच कपात होते, म्हणजे या उदाहरणात 3,12,000 पर्यंत. देणं त्याहून मोठं असेल तर सोबत दुसरी वाट हवी. भविष्य निर्वाह निधीला आणि सरकारी पेन्शनला हात लागत नाही.

देणेकरी व्यापारी असेल तर त्याचं बँक खातं आणि त्याला इतरांकडून येणं असलेले पैसे बघा. त्याचा माल ज्याने घेतला आणि पैसे अजून दिले नाहीत, त्याला न्यायालय ते पैसे थेट न्यायालयात भरायला सांगू शकतं. केळी-कापसाच्या व्यवहारात उधारी पुढे-पुढे सरकत असते, म्हणून ही वाट इथे फार कामाची आहे.

घरातल्या आणि गोदामातल्या वस्तूंची जप्ती मात्र दिसते मोठी, हाती थोडं देते. बेलिफ, म्हणजे न्यायालयाचा जप्ती कर्मचारी, दारात आला की गावात बोभाटा होतो. पण कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, धर्माच्या रिवाजाने स्त्रीला अंगावरून उतरवता न येणारे दागिने सोडावे लागतात. शेतकऱ्याकडची पोटापाण्याला लागणारी अवजारं, बैल आणि बियाणंही वगळलेलं आहे. ट्रकवर बँकेचा बोजा असेल तर आधी बँक. गोदामात विकाऊ माल असेल तरच या वाटेने जा.

मोठ्या रकमेला शेवटी जमीन किंवा दुकानच लागतं. जप्तीचा आदेश झाल्यावर देणेकऱ्याने ती मिळकत परस्पर विकली, तर ती विक्री तुमच्या हक्काविरुद्ध टिकत नाही. म्हणून लिलाव दूर असला तरी जप्ती लवकर करा आणि आदेशाची नोंद सातबाऱ्यावर 'इतर हक्कां'त होईल याचा तलाठ्याकडे पाठपुरावा करा. लिलावात बोली घेणाऱ्याला 25 टक्के तिथेच आणि बाकी 15 दिवसांत भरावे लागतात. त्यानंतरही 60 दिवसांत देणं आणि लिलावाच्या किमतीचे 5 टक्के भरून मालक मिळकत वाचवू शकतो. अनेकदा पैसे निघतात ते याच टप्प्यावर. शेतकऱ्याचं राहतं घर मात्र जप्त होत नाही. नंदुरबार, शिरपूर, चोपडा भागात जमीन आदिवासी खातेदाराची असेल तर ती न्यायालयाच्या लिलावातही पूर्वपरवानगीशिवाय बिगरआदिवासीकडे जात नाही. तो हिशेब आधीच करा, आणि त्या माणसाच्या एकमेव जमिनीवर उठण्याआधी हप्त्यांचा विचार जरूर करा.

मिळकत बऱ्हाणपूरला किंवा सुरतेला असेल तर इथलं न्यायालय तिला हात लावू शकत नाही. हुकूमनामा तिकडच्या न्यायालयाकडे वर्ग करून घ्यावा लागतो. तारखा लांबत असतील तर दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढण्याबाबत सर्वोच्च न्यायालयाने 2021 साली दिलेल्या निर्देशाकडे वकिलांमार्फत लक्ष वेधा. आणि हप्ते ठरले तर ते दरखास्तीतच नोंदवून घ्या. बाहेरच्या बाहेर झालेली तडजोड नोंदवली नसेल तर न्यायालय ती धरत नाही.