बजी-कॉकटेलला फळ द्यायचंय: सफरचंद घ्यावं की पपई?

घरात नवा बजी किंवा कॉकटेल (कॉकाटील), म्हणजे पिंजऱ्यात पाळायचा छोटा पोपट, आला की मंडईत पहिला हात सफरचंदाकडे जातो. आजाऱ्याला चालतं ते पाखराला चालणारच, असा आपला हिशेब. माझंही पहिलं वर्ष तसंच गेलं. आता मी पपई घेते.

कारण दाण्यात आहे. वाटीत बहुतेक घरी राळा, बाजरी, फार तर सूर्यफुलाच्या बिया. त्यांत अ जीवनसत्त्व जवळजवळ नसतंच. ते कमी पडलं की नाका-घशाचं अस्तर बिघडतं आणि श्वसनाचे आजार लवकर धरतात. पिकलेली पपई ही उणीव थोडी तरी भरून काढते, सफरचंदाने ते होत नाही. शिवाय सफरचंदाच्या बियांपासून पोटात सायनाइड तयार होऊ शकतं. बजी असतो जेमतेम तीस-चाळीस ग्रॅमचा, म्हणून मधला गाभा बियांसकट काढल्याशिवाय फोड देऊच नका. सालीवर मेण असेल तर सालही काढा.

सफरचंदाची एक बाजू मात्र खरी: ते पाझरत नाही. पपई एप्रिल-मेच्या उकाड्यात लगेच आंबते, मुंग्या येतात. मी सकाळी ठेवते आणि दोन तासांच्या आत उचलते. तुम्ही नऊला कामावर निघून संध्याकाळीच परतत असाल, तर फळ सुट्टीच्या दिवशीच द्या.

पेरू की डाळिंब? दोन्ही बियांसकट चालतात. पेरूत क जीवनसत्त्व भरपूर असतं खरं, पण हे पक्षी ते स्वतःच्या शरीरात तयार करतात, म्हणून तेवढ्यासाठी पेरू आणायची गरज नाही. पक्षी पिंजऱ्यात कंटाळत असेल तर डाळिंब घ्या. एकेक दाणा फोडून रस चोखण्यात तो रमून जातो. भिंतीवर डाग पडतात, पिंजऱ्यामागे जुना कागद लावा.

द्राक्षांवर फवारणी बरीच असते आणि साखरही जास्त. नीट धुऊन पाव द्राक्ष पुरे. आंबा साल काढून द्या, त्यातही अ जीवनसत्त्व चांगलं असतं. सीताफळाच्या बिया विषारी असतात, म्हणून ते मी पक्ष्यासमोर सोलतसुद्धा नाही. अव्होकाडो आता पुण्यातही सहज मिळतो. त्याचा लहानसा तुकडाही पक्ष्याच्या हृदयावर आणि श्वासावर उठतो, जीव जातो. तो कापलेली सुरीसुद्धा धुतल्याशिवाय पक्ष्याच्या फळाला लावू नका.

प्रमाण म्हणाल तर बजीला आठवड्यातून दोन-तीनदा नखाएवढी फोड, कॉकटेलला त्याच्या दुप्पट. फळ खाल्ल्यावर विष्ठा पातळ होते, त्यात पाणी जास्त जातं एवढंच. दुसऱ्या दिवशीही तशीच राहिली किंवा पक्षी पिसं फुगवून बसला, तर पक्षी तपासणाऱ्या डॉक्टरांकडे न्या.

आमचा बंड्या आठ-दहा दिवस पपईकडे बघायलाही तयार नव्हता. मग मी फोडीत राळ्याचे दाणे बोटाने दाबून बसवले. तो दाण्यासाठी आला, चोचीला केशरी गर लागला, त्याने मान झटकली, गजाला चोच पुसली. मी फोड तिथेच राहू दिली. थोड्या वेळाने दाणे संपले होते आणि फोडीला चोचीएवढा खड्डा पडला होता.