दुर्बीण आली, आता यादी कोणती? मेसिए, काल्डवेल की हर्शेल ४००

चंद्रावरची विवरं झाली, शनीची कडी झाली, गुरूचे चार चंद्र जागा बदलताना पाहून झाले. दोन-तीन महिन्यांनी प्रत्येक नव्या दुर्बीणवाल्याला प्रश्न पडतोच: आता काय पाहू? उत्तर सोपं आहे, तेजोमेघ, तारकागुच्छ आणि दीर्घिका. अडचण एवढीच की ते हजारोंनी आहेत, आणि हाताशी यादी नसेल तर अख्खी रात्र दुर्बीण इकडून तिकडे फिरवण्यात जाते. सल्ला विचारला की तीन नावं पुढे येतात: मेसिए, काल्डवेल, हर्शेल ४००. या तिन्हींच्या मागे एनजीसी (न्यू जनरल कॅटलॉग) नावाचं जाडजूड दप्तर असतंच.

माझं मत आधीच सांगून टाकतो. सुरुवात मेसिएने करा, पण क्रमांकाने नव्हे. काल्डवेल अधूनमधून चाळा. हर्शेल ४०० ला हात घालायचा तो काळोखं आकाश आणि निदान सहा इंची दुर्बीण असेल तरच. असं का, ते या याद्या कोणी आणि कशासाठी केल्या हे पाहिलं की कळतं.

शार्ल मेसिए हा पॅरिसचा धूमकेतूंमागे लागलेला माणूस. १७५८ मध्ये एका धूमकेतूचा माग काढताना त्याला वृषभेच्या शिंगापाशी एक धुरकट ठिपका दिसला. धूमकेतू सरकतो, हा सरकेना. तोच एम १ (‘एम’ म्हणजे मेसिए), म्हणजे १०५४ साली दिसलेल्या अतिनवताऱ्याचा अवशेष, खेकडा तेजोमेघ. अशा फसव्या ठिपक्यांची नोंद ठेवता ठेवता १७७४ मध्ये ४५ वस्तूंची यादी छापली गेली आणि १७८१ पर्यंत ती १०३ वर पोचली. पुढे त्याच्या आणि त्याचा सहकारी पिएर मेशँ याच्या नोंदींतून भर पडत आकडा ११० झाला. एम ११० तर १९६० च्या दशकात आत आला.

थोडक्यात, ही ‘इथे वेळ घालवू नका’ अशी यादी. गंमत म्हणजे म्हणूनच ती नवशिक्याला सोयीची ठरते. मेसिएच्या दुर्बिणी आजच्या तीन-चार इंची दुर्बिणीइतकंच दाखवत, त्यामुळे त्याला जे दिसलं ते बहुतेक तुम्हालाही दिसेल. शिवाय ४० दीर्घिका, २९ गोलाकार तारकागुच्छ, बरेच खुले गुच्छ, चार ग्रहीय तेजोमेघ, तारे जन्मणारे मेघ असा सगळा मालमसाला एकाच ठिकाणी मिळतो.

उणिवा मात्र बऱ्याच आहेत. क्रमांक साधारण नोंदीच्या क्रमाने पडलेले, आकाशातल्या जागेप्रमाणे नाहीत. एम १ वृषभेत, एम २ कुंभेत, एम ४ वृश्चिकेत. क्रमाने जाल तर वर्षभर एका क्रमांकावर अडकाल. एम ४० म्हणजे नुसते दोन तारे, एम ७३ म्हणजे चार. एम १०२ नेमका कोणता यावर अजून वाद आहे. आणि कृत्तिकांना धूमकेतू समजणारा माणूस जन्माला यायचा आहे, तरी त्या एम ४५ म्हणून यादीत आहेतच! ४ मार्च १७६९ ला मेसिएने मृगातला मोठा तेजोमेघ, पुष्यातला गुच्छ आणि कृत्तिका यांच्या जागा मोजल्या. लाकाय या फ्रेंच खगोलशास्त्रज्ञाच्या यादीतल्या दक्षिण आकाशातल्या ४२ वस्तूंपेक्षा आपला आकडा मोठा दिसावा म्हणून, असा एक तर्क आहे. मला तो पटतो. माणूस तेव्हाही माणूसच होता.

‘मेसिए म्हणजे सोपं’ हेही पूर्ण खरं नाही. एम ३३ या दीर्घिकेची प्रत (तेजस्वितेचा आकडा; जितका लहान तितकी वस्तू तेजस्वी) ५.७ छापलेली असते, पण तो उजेड पूर्ण चंद्राच्या दुपटीहून लांब पट्ट्यावर पसरलेला असतो. मी पहिल्यांदा शोधला तेव्हा जास्त वर्धनाच्या नेत्रिकेतून तासभर थेट त्याच्याकडेच बघत होतो आणि काहीच दिसत नव्हतं. द्विनेत्रीतून मात्र लगेच दिसला. एम ७४ याहून चिवट. हे दोन शेवटासाठी ठेवा.

काल्डवेल यादी अगदी अलीकडची, १९९५ ची. ब्रिटनमध्ये दूरचित्रवाणीवरून आकाश शिकवणाऱ्या पॅट्रिक मूर यांनी मेसिएने सोडलेल्या १०९ वस्तू निवडल्या. त्यांचं पूर्ण आडनाव काल्डवेल-मूर; ‘एम’ आधीच घेतलेला, म्हणून काल्डवेलचा ‘सी’ वापरला. यातलं काहीच त्यांनी शोधलेलं नाही, यावरून नाकं मुरडणारे आहेत. मला त्यात वावगं वाटत नाही. चांगली निवड करणं हेही काम आहे.

तिची खरी सोय क्रमांकात आहे. ते उत्तरेकडून दक्षिणेकडे लावलेत. सी १ ध्रुवाजवळ, सी १०९ दक्षिण ध्रुवापासून जेमतेम नऊ-दहा अंशांवर. उत्तर गोलार्धात ९० मधून आपला अक्षांश वजा करा, वस्तूची क्रांती, म्हणजे आकाशातला अक्षांश, मिळवा (दक्षिण असेल तर वजा), की ती दक्षिणेला जास्तीत जास्त किती अंश वर येईल ते कळतं. समजा अक्षांश २० उत्तर आहे. सी ८०, म्हणजे नरतुरंगातला ओमेगा सेंटॉरी, साडेबावीस अंशांपर्यंत चढतो आणि छान दिसतो. सी १०४ ते सी १०९ मात्र कधी उगवतच नाहीत, आणि त्यात सी १०६ म्हणजे ४७ टुकाने हा देखणा गोलाकार गुच्छही आला. पॅरिसहून एम ७ सुद्धा जेमतेम सहा अंश वर येतो, त्यामुळे त्याच्या खालचं आकाश मेसिएला जवळजवळ बंदच होतं. ती उणीव काल्डवेल भरून काढते.

पण वस्तूंची मिसळ विचित्र आहे. सी ४१ म्हणजे रोहिणीभोवतीचा गुच्छ, नुसत्या डोळ्यांनी दिसणारा; सी ९ हा गुहा तेजोमेघ नेत्रिकेतून पाहताना भल्याभल्यांना रडवतो. आणि ‘सी’ क्रमांक बऱ्याच नकाशांत नसतो, तिथे एनजीसीच लागतो.

हर्शेल ४०० चं प्रकरण वेगळं. विल्यम हर्शेल पेशाने संगीतकार. १७८३ पासून त्याने ४७ सेंटिमीटर आरशाची दुर्बीण मध्यमंडलावर (डोक्यावरून जाणाऱ्या उत्तर-दक्षिण रेषेवर) ठेवून वरखाली हलवायची आणि आकाश समोरून सरकू द्यायचं, अशी झाडलोट सुरू केली. तो पाहून ओरडून सांगे, बहीण कॅरोलाइन वेळ आणि जागा टिपून घेई. १७८६, १७८९ आणि १८०२ च्या तीन याद्यांत मिळून २५०० वस्तू जमल्या. स्वतः कॅरोलाइननेही काही शोधल्या. एनजीसी २५३ ही झळाळती दीर्घिका तिचीच. पुढे अमेरिकेतल्या हौशी निरीक्षकांनी त्या २५०० मधून ४०० निवडल्या.

यात निम्म्याहून जास्त दीर्घिका आहेत. कन्या आणि अरुंधती केश या भागात एकामागून एक राखाडी ठिपके शोधताना कंटाळा येतो, हे मान्य करायला हवं. पण डोळा तयार होतो तो इथेच. उदाहरण द्यायचं तर हंसातला एनजीसी ६८२६. हा सी १५ सुद्धा आहे. दोन्ही याद्यांत बरीच नावं सामाईक आहेत. नेत्रिकेत मधल्या ताऱ्याकडे सरळ बघा, फक्त तारा दिसतो. नजर किंचित बाजूला सरकवा, आणि ताऱ्याभोवती हिरवट गोल मेघ फुलतो. परत ताऱ्याकडे पाहिलं की मेघ गेला. अंधुक उजेड टिपणाऱ्या पेशी दृष्टिपटलाच्या मध्यभागी नसून बाजूला असतात, त्याचा हा परिणाम. तिरक्या नजरेने पाहायचं म्हणजे काय, हे मला पुस्तकातून नव्हे, याच्याकडून समजलं.

एनजीसी ही पाहायची यादी नव्हेच. योहान ड्रायर याने १८८८ मध्ये काढलेल्या त्या सूचीत ७८४० नोंदी आहेत, चुकाही भरपूर. पण डोळ्याला काय दिसलं याची त्यातली आद्याक्षरी वर्णनं कामाची आहेत. लक्षवेधी वस्तूपुढे ड्रायर उद्गारचिन्हं टाकतो, एम १३ या गोलाकार गुच्छापुढे दोन आहेत. ‘फार फिकट, फार लहान’ असं दिसलं की लहान दुर्बीणवाल्याने पुढे जावं. मात्र वर्णनं मोठ्या दुर्बिणींतून केलेली आहेत, तेव्हा ‘तेजस्वी’ म्हटलं की मनात एक पायरी खाली उतरा.

यादीइतकाच, किंबहुना जास्त, फरक आकाश पाडतं. दिव्यांच्या उजेडात गुच्छ तग धरतात, दीर्घिका विरून जातात. उजळ आकाशाखाली असाल तर तिन्ही याद्यांतले फक्त तारकागुच्छ आणि ग्रहीय तेजोमेघ वेगळे काढा, बाकीचं काळोख मिळेल त्या रात्रीवर सोडा. मेसिएला एम १३ मध्ये एकही तारा दिसला नव्हता, तसं त्याने लिहूनच ठेवलंय. आज चांगल्या सहा इंची दुर्बिणीतून त्याच्या कडेचे तारे सुटे होतात.

फक्त द्विनेत्री असेल तर हर्शेल ४०० विसरा. मेसिएमधले बरेच मिळतील. काल्डवेलमधून सी १४ (ययातीतला जोडगुच्छ), सी ४१ आणि दक्षिण क्षितिज मोकळं असेल तर सी ८० एवढे उचला.