मानवी हक्क आयोगाची ऑनलाइन तक्रार सेवा : फॉर्म भरून देणाऱ्याचा रिव्ह्यू

राष्ट्रीय मानवी हक्क आयोगाकडं घरबसल्या तक्रार करता येते हे सोलापुरात लई कमी लोकांना माहितीय, म्हणून लिहितोय. अशोक चौकाकडं माझं झेरॉक्स आणि ऑनलाइन फॉर्मचं दुकान आहे, रेशन कार्ड, पॅन, पीएफ, उत्पन्नाचा दाखला सगळं हाताखालून जातं, त्यामुळं कुठला फॉर्म सरळ आणि कुठला माणसाला रडवणारा हे लगेच कळतं. हा फॉर्म सरळ आहे. फी नाही, वकील लागत नाही, स्टँप पेपर नाही, आणि नियमाप्रमाणं तक्रार मराठीत लिहिली तरी चालते, राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीतली कुठलीही भाषा चालते. ऑनलाइन जमत नसेल तर पोस्टानं पाठवली तरी घेतात.

ज्यांच्यासाठी भरला त्या आमच्या भागातल्या विडी कामगार मावशी. त्यांच्या मुलाला रात्री चौकशीला म्हणून घरातनं नेलं, कुठं नेलं ते सांगितलं नाही, दुसरा दिवस गेला तरी कोर्टात उभं केलं नाही, आणि सोडलं तेव्हा पोराला धड चालता येत नव्हतं. कुठलं ठाणं ते इथं लिहीत नाही. मावशी म्हणाल्या, "काय तक्रार नाही म्हणून लिहून दे म्हणाले ओ दादा, मी नाही दिले." एवढं बोलून त्यांनी पिशवीतनं दवाखान्याचा कागद काढून काउंटरवर ठेवला.

फॉर्ममध्ये पीडिताचं नाव-पत्ता, घटना कुठं आणि कधी घडली, कुणाविरुद्ध, काय मदत पाहिजे, हेच प्रकरण कोर्टात किंवा राज्य आयोगाकडं आहे का, असं विचारतात. आम्ही अडकलो तारखेवर. मावशींना वार आठवत होता, तारीख नाही. मग विडीचं पासबुक काढलं. रोज ब्रँचला माल दिला की त्यात नोंद होते, आणि पोरगं आत होतं तेव्हा त्या हातात पान-तंबाखू धरायच्या मनःस्थितीतच नव्हत्या, त्यामुळं नेमके तेवढे दिवस कोरे. त्या कोऱ्या जागेवरनं तारीख पक्की झाली. पासबुकाच्या त्या पानाची कॉपी पण जोडली, कारण आमच्याकडं दुसरा पुरावा होताच किती. तारखेला इथं फार महत्त्व आहे, घटनेला एक वर्ष उलटलं की आयोगाला चौकशी करता येत नाही, कायद्यातच तसं आहे. लोक भीतीनं गप बसतात आणि वर्ष असंच निघून जातं, हे मला सगळ्यात जास्त टोचतं.

तक्रार गेली, डायरी नंबर मिळाला, त्या नंबरवरनं प्रकरण कुठवर आलंय ते बघता येतं. अहवाल मागवलाय, पुढचं चालू आहे.

आता कमी कुठं पडतं ते. आयोग १९९३ च्या मानवी हक्क संरक्षण कायद्यानं झाला, साक्षीदार बोलवायचे, कागद मागवायचे अधिकार आहेत, पण शेवटी देता येते ती शिफारस. नुकसानभरपाई द्या, खटला भरा असं सरकारला सांगता येतं, सरकारनं उत्तर द्यायला महिन्याची मुदत आहे, पण हुकूम नाही. लष्कराविरुद्ध तक्रार असेल तर केंद्राकडनं फक्त अहवाल मागवता येतो. आणि पोलिसांविरुद्धच्या तक्रारीची चौकशी करायला आयोगाकडं माणसं कोण, तर पोलीस खात्यातनंच आलेले अधिकारी. जगभरातल्या अशा आयोगांना दर्जा देणारी जी आघाडी आहे तिनं यावरच बोट ठेवलं आणि २०२३ ला आणि परत २०२४ ला भारताच्या आयोगाचं ए दर्जाचं नूतनीकरण लांबणीवर टाकलं. मावशीसारख्या बाईनं धीर करून लिहिलेला कागद शेवटी पोलिसानंच तपासायचा हे मला अजिबात पटत नाही, हे बदललंच पाहिजे.

बाहेर तरी काय लई वेगळं चाललंय असं नाही. १० डिसेंबर १९४८ ला पॅरिसमध्ये मानवी हक्कांचा जाहीरनामा ४८ विरुद्ध शून्य मतांनी पास झाला, ८ देश तटस्थ राहिले, त्याच्या कलम ९ मध्ये मनमानी अटक करता येणार नाही असं स्पष्ट आहे. पण राबवायचं कुणी? युरोपात स्ट्रासबर्गला मानवी हक्क न्यायालय आहे, त्याचा निकाल ४६ देशांवर बंधनकारक, तिथला साधा माणूस स्वतःच्या सरकारला तिथं खेचू शकतो, आणि रशियाला युक्रेनवरच्या हल्ल्यानंतर २०२२ ला युरोप परिषदेतनं काढलं तेव्हा तिथल्या लोकांचं हे दार पण बंद झालं. हेगच्या आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाकडं स्वतःचे पोलीस नाहीत. पुतीनवर वॉरंट मार्च २०२३ चं, सप्टेंबर २०२४ ला ते मंगोलियाला जाऊन आले, मंगोलिया सदस्य असून हात लावला नाही. आणि मार्च २०२५ ला फिलिपिन्सनं स्वतःच्या माजी राष्ट्राध्यक्षाला, दुतेर्तेला, मनिलाच्या विमानतळावर धरून त्याच कोर्टाकडं पाठवलं. कायदा तोच, कोर्ट तेच, फरक पडला तो त्या त्या सरकारच्या मर्जीनं.

आपलं सांगायचं तर छळविरोधी करारावर भारतानं १९९७ ला सही केली, मंजुरी अजून दिलेली नाही. नागरी-राजकीय हक्कांचा करार १९७९ ला स्वीकारला, पण एकट्या माणसानं थेट संयुक्त राष्ट्रांच्या समितीकडं तक्रार करायची जी सोय त्याला जोडलीय त्यात आपण नाही. म्हणजे मावशींना जिनिव्हाचं ते दार नाहीच.

या गावानं लष्करी कायदा बघितलाय ओ. १९३० च्या मे महिन्यात तो लागला आणि १२ जानेवारी १९३१ ला मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, श्रीकिसन सारडा आणि जगन्नाथ शिंदे यांना येरवड्यात फासावर चढवलं. तेव्हा दाद मागायला असा साधा फॉर्म पण नव्हता. म्हणून अपुरी असली तरी ही सोय वापरली पाहिजे असं मी दुकानात येणाऱ्या प्रत्येकाला सांगतो.

पाचपैकी तीन स्टार. तक्रार घेण्याच्या पद्धतीला पाच दिले असते, कापले ते अधिकाराचे.

कुणाला भरायचा असेल तर : नेल्याची वेळ आणि कोण नेलं ते लगेच लिहून ठेवा, चोवीस तासांत मॅजिस्ट्रेटपुढं उभं करणं घटनेच्या कलम २२ प्रमाणं बंधनकारक आहे आणि नातेवाइकांना कळवणं १९९६ च्या डी. के. बसू निकालाप्रमाणं. सुटल्या सुटल्या सरकारी दवाखान्यात तपासणी करून कागद घ्या. राज्य आयोगाकडं आधीच तक्रार केली असेल तर दिल्लीला तीच परत घेत नाहीत, त्यामुळं एकच जागा ठरवा. आयोगाची हेल्पलाइन १४४३३, आणि मोफत वकील पाहिजे असेल तर विधी सेवा प्राधिकरणाची १५१००. बायकांना त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. माझ्या दुकानात या फॉर्मचे पैसे घेत नाही.