एकच लढाई, दोन कागद: पोरांना अमेरिकन फ्रंटियरचा इतिहास दोन्ही बाजूंनी शिकवताना आलेला अनुभव

मागच्या उन्हाळ्यापासून आम्ही घरी हा प्रकार चालू केलाय, आता बरेच महिने झाले म्हणून सविस्तर लिहिते. आम्ही डेन्व्हरजवळ राहतो, लेक पाचवीत, धाकटा तिसरीत. इथे चौथीत कोलोरॅडोचा इतिहास असतो, तेव्हा लेक घरी येऊन गोरे पश्चिमेकडे कसे वसत गेले ते, वॅगन, सोनं, किल्ले, रेल्वे असं सगळं एका दमात सांगायची आणि त्यात शायान, अरापाहो हे इथले मूळनिवासी लोक एखाद्या नदीसारखे, म्हणजे वाटेत लागले, पार केले, पुढे गेले. मला ते खटकत होतं.

पद्धत अगदी साधी आहे. एक घटना घ्यायची, तिच्यावर त्या काळातल्या दोन माणसांनी सांगितलेलं वाचायचं, आणि आधी तीनच प्रश्न: कोण बोलतंय, कधी, आणि कोणाला सांगतंय. मटेरियल सगळं फुकट आहे. स्टॅनफर्डमधून सुरू झालेले रीडिंग लाइक अ हिस्टोरियनचे धडे, स्मिथसोनियनच्या अमेरिकन इंडियन म्युझियमचं नेटिव्ह नॉलेज ३६०, आणि फोटोंसाठी लायब्ररी ऑफ काँग्रेस. खर्च म्हणाल तर प्रिंटरची शाई, आणि आईबाबांचा रविवार.

सुरुवात लिटल बिगहॉर्नपासून केली. जून १८७६, मोंटाना, अमेरिकन सैन्यातला अधिकारी कस्टर आणि त्याच्याबरोबरची तुकडी तिथे संपली, लाकोटा आणि शायान या मूळनिवासी जमाती जिंकल्या. पहिला कागद म्हणजे युद्धमंत्री कॅमेरॉनने प्रेसिडेंट ग्रँटला जुलैमध्ये पाठवलेला रिपोर्ट. दुसरा केट बिगहेड या शायान बाईची आठवण, तिने ती १९२२ मध्ये एका डॉक्टरला खाणाखुणांच्या भाषेत सांगितली. पोरांनी आधी काय म्हणावं, तर बाईचं खोटं असणार कारण शेहेचाळीस वर्षांनी कोणाला काय आठवतं. ठीक, मुद्दा बरोबर आहे. मग मंत्र्याचा कागद नीट वाचला. त्यात हा माणूस स्वतःहून सांगतो की ब्लॅक हिल्स या डोंगरांत सोनं सापडलं आणि आपले लोक तिथे घुसले म्हणून हे युद्ध झालेलं नाही. लेक म्हणाली, "आई, पण हा आधीच का सांगतोय असं?" व्हिडिओ कॉलवर आजी ऐकत होत्या, त्या लगेच, "चोराच्या मनात चांदणं गं!" त्या दिवसापासून आमच्या घरात सरकारी कागद वाचताना हे वाक्य कंपल्सरी आहे 😄 मग मागे जाऊन बघितलं. १८६८ च्या फोर्ट लॅरमी करारात अमेरिकन सरकारने ब्लॅक हिल्स लाकोटांना दिलेल्या, १८७४ मध्ये कस्टरच तिथे मोहीम घेऊन गेला आणि सोन्याची बातमी फुटली, आणि १८७५ च्या डिसेंबरात लाकोटांना हुकूम निघाला की जानेवारी संपायच्या आत एजन्सीत, म्हणजे त्यांच्यासाठीच्या सरकारी ठाण्यावर, हजर व्हा, म्हणजे ऐन थंडीत, बायकापोरं घेऊन. तारखा एका ओळीत लावल्या की पोरांना वेगळं काही सांगावं लागत नाही.

आता तक्रार. माझी तक्रार वेबसाइटवर नाहीये, या "दोन बाजू" प्रकारावरच आहे. काही आठवड्यांनी धाकट्याने एक फॉर्म्युला काढला: दोघांचंही थोडं थोडं चुकलं. कुठलाही धडा असो, उत्तर तयार. दोन कागद शेजारी शेजारी ठेवले की मुलांना वाटतं दोन्हीचं वजन सारखंच, आणि आपण मध्ये उभं राहायचं, म्हणजे आपण शहाणे. ते अजिबात चालणार नाही, आणि हे मला कुठल्याच सूचनांमध्ये ठळक लिहिलेलं दिसलं नाही.

हा फॉर्म्युला मोडला तो सँड क्रीकने. २९ नोव्हेंबर १८६४, आमच्याच राज्यात, शायान-अरापाहोंच्या छावणीवर सैन्याने हल्ला केला. सैन्याचा प्रमुख कर्नल चिव्हिंग्टनने रिपोर्ट दिला की मोठी लढाई झाली, चारशे-पाचशे मारले, त्यात ब्लॅक केटल हा शायानांचा म्होरक्याही मेला. आता हे पोरांना तपासायला दिलं. ब्लॅक केटल मेलाच नव्हता! तो चार वर्षांनी वॉशिटा नदीवर कस्टरच्या हल्ल्यात गेला, आणि वॉशिटाच्या त्या छावणीत कोण होती, तर आपली केट बिगहेड. लेक खुर्चीवरून उठून उभीच राहिली. मग कॅप्टन सायलस सोल. हा चिव्हिंग्टनच्याच फौजेतला, त्याने आपल्या तुकडीला गोळी चालवू दिली नाही आणि नंतर पत्र लिहून कळवलं की मारले गेलेले बहुतेक बायका आणि मुलं होती. आज नॅशनल पार्क सर्व्हिस २३० च्या वर बळी धरते. चौकशी झाली, सोलने साक्ष दिली, आणि एप्रिल १८६५ मध्ये डेन्व्हरच्या रस्त्यात त्याला गोळी घालून मारलं. म्हणजे इथे भांडण गोरे विरुद्ध इंडियन असं नाहीच, एकाच फौजेतले दोघे समोरासमोर आहेत आणि त्यातला एक खोटं बोलतोय. आणि जॉर्ज बेंट, आई शायान, बाप गोरा व्यापारी, तो त्या सकाळी छावणीत होता, जखमी झाला, आणि त्याचाच भाऊ रॉबर्ट याला सैन्याने जबरदस्तीने वाटाड्या म्हणून आणलेलं. जॉर्ज सांगतो की ब्लॅक केटलने अमेरिकेचा झेंडा आणि पांढरं निशाण दोन्ही वर चढवलेलं होतं. यावर "दोघांचं थोडं थोडं" म्हणायला धाकट्याची जीभ वळली नाही.

त्यानंतर मी नियम बदलला, दोन नाही, किमान तीन कागद, आणि त्यातले दोन तरी एकाच बाजूचे. लिटल बिगहॉर्नला परत गेलो तर क्रो ही आणखी एक मूळनिवासी जमात सापडली. ते कस्टरचे स्काउट, म्हणजे वाटाडे-टेहळे, होते, कारण लाकोटांनी त्यांना त्यांच्या जमिनीतून रेटत आणलं होतं, आणि ती लढाई झाली तीच मुळी क्रो रिझर्वेशनवर, म्हणजे करारात क्रोंना राखून दिलेल्या जमिनीवर. मुलांना "सगळे इंडियन एक" हे डोक्यातून काढायला याच्याइतकं चांगलं काही नाही.

सगळ्यात हिट काय झालं असेल तर विंटर काउंट. म्हणजे मूळनिवासींची चित्रांतली वर्षनोंद. आमच्याकडे होती ती लोन डॉग नावाच्या माणसाने ठेवलेली, १८०० पासून १८७० पर्यंत, दर वर्षाचं एकच चित्र, मध्यापासून सुरू होऊन गोल गोल बाहेर जाणारं. १८३३ च्या हिवाळ्याचं चित्र म्हणजे आकाशातून पडणारे तारे, आणि त्या नोव्हेंबरात खरंच लिओनिड उल्कांचा प्रचंड वर्षाव झाला होता. लेखी कागद नाही म्हणजे इतिहास नाही असं ज्याला वाटतं त्याने हे बघावं. आम्ही ग्रोसरीच्या कागदी पिशव्या फाडून घरचा विंटर काउंट केला आणि एका वर्षावरून तुफान भांडण झालं, धाकट्याला "हात मोडला ते वर्ष" पाहिजे आणि लेकीला "आजी आल्या ते वर्ष". चित्र एकच काढायचं. शेवटी आजींनी कौल दिला, हात जिंकला.

कोणाला जमेल? वाचायला तयार असलेल्या दहा वर्षांच्या पुढच्या मुलांना मस्त. स्टॅनफर्डचे धडे मुळात मोठ्या वर्गांसाठी आहेत, भाषा सोपी केलेली असली तरी धाकट्याला मला बसून मराठीत समजवावं लागतं आणि त्यात वेळ जातो. आधी स्वतः सगळं वाचून घ्या, सोलच्या पत्रात अंगावर काटा येईल असे तपशील आहेत, मी ते झाकून प्रिंट काढली. तिसरीच्या आतल्या पोराला सँड क्रीक देऊच नका, विंटर काउंट द्या.

सध्या रेल्वेवर आलोय, पूर्व आणि पश्चिमेकडून आलेले रूळ जिथे जोडले त्या प्रोमोंटरीचा १० मे १८६९ चा तो प्रसिद्ध फोटो, दोन इंजिनं समोरासमोर आणि मध्ये गर्दी. सेंट्रल पॅसिफिक या रेल्वे कंपनीचा मार्ग हजारो चिनी मजुरांनी बांधला, १८६७ मध्ये त्यांनी पगारासाठी संपही केला, आणि फोटोत ते शोधायला मुलांना भिंग देऊन बसवलंय. तिसरा कागद अजून ठरायचाय, शायानांनी १८६७ मध्ये नेब्रास्कात गाडी रुळावरून उतरवली होती त्याबद्दल त्यांच्याच तोंडचं काही मिळतंय का बघतेय.