इंटरव्हलच्या कार्टून जाहिरातींचं रीळ: घ्या, पण उजेडात पाहून

400 फुटांचं 16 एमएम रीळ, सेकंदाला 24 फ्रेमच्या वेगानं 11 मिनिटं. 1950 च्या दशकात अमेरिकेतल्या थेटरांत इंटरव्हलला दाखवायच्या कार्टून जाहिराती यात जोडल्या आहेत: हातपाय फुटलेले कोल्ड्रिंकचे ग्लास, पॉपकॉर्नचे डबे, मधूनच उरलेली मिनिटं मोजणारं घड्याळ. सरस तुकडा शिकागोच्या फिल्मॅक या जाहिरातपट बनवणाऱ्या कंपनीचा, 1957 मधला 'लेट्स ऑल गो टू द लॉबी'. त्यात कोणत्याच कंपनीचं नाव नाही, त्यामुळे मंडईतल्या गोटी-सोड्याच्या गाड्यालाही चालतो. इंग्रजी बोल कळले नाहीत तरी पोरं चालीवर टाळ्या धरतात.

रंगांची मात्र बोंब आहे. ईस्टमन कलरच्या (कोडॅकच्या रंगीत फिल्मच्या) जुन्या प्रिंटमधला निळा-हिरवा आधी उडतो, मागे लाल-गुलाबी उरतो. इथं संत्रा अन् लिंबू दोन्ही रूह अफ्झा दिसतात. संत्र्याच्या मुलखात हे जरा जास्तच खुपतं. टेक्निकलरची, म्हणजे रंग ठशासारखे छापलेली, प्रिंट टिकते, पण विकणाऱ्याच्या शब्दावर जाऊ नका, दोन हात फिल्म उजेडासमोर धरा. नव्या फिल्मच्या पट्टीशेजारी जुनीच्या 100 फ्रेम मांडा. जुनी एका फ्रेमनं आखूड भरली तर फिल्म 1 टक्का आकसलेली आहे. ती दातऱ्यांवर भोकं फाडणार.

अमेरिकेतून आलेला प्रोजेक्टर बहुधा 60 हर्ट्झच्या विजेचा असतो. आपल्या 50 हर्ट्झवर तो 20 फ्रेमनंच फिरतो आणि गाणं पेंगतं. पुली बदलून घ्या. जनरेटर दमला की तेच होतं, दोष रिळाचा नसतो. ग्लासाचं पाऊल आणि ठेका जुळत नसेल तर खालचा लूप, म्हणजे प्रोजेक्टरमध्ये सैल सोडलेलं फिल्मचं वळण, तपासा: आवाज चित्राच्या 26 फ्रेम पुढे छापलेला असतो, लूप लहान-मोठा झाला की मेळ गेला.

पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीच्या रात्रभर चालणाऱ्या नाटकांत हे लावायचा मोह होईल. पण तो हंगाम थंडीचा, रात्री दोनला लोक चहा-भज्यांकडेच वळतात. कोल्ड्रिंक खपतं उन्हाळ्यात, आणि टिनाखालचा उन्हाळाच रिळाला खातो. मातीच्या घरातल्या आतल्या खोलीत ठेवा, डबा घट्ट बंद करू नका. महिन्यातून एकदा वास घ्या. व्हिनेगरसारखा आला तर ते रीळ बाकीच्यांपासून वेगळं काढा, त्याची वाफ इतरांनाही लागते.