३०० रुपयांत ३ नॉर्वेजियन पिक्चर, तेपण सोलापुरात

मागचे तीन रविवार विजापूर रोडवरच्या एका छोट्या फिल्म क्लबात घातले. विचारणारे लई झालेत म्हणून एकदाच लिहून टाकतो. क्लबचं नाव मुद्दाम देत नाही, पुढं तक्रारी आहेत आणि पोरं मनानं चांगली आहेत.

सिरीज होती एडिथ कार्लमार या नॉर्वेच्या डायरेक्टर बाईंची. मी नाव ऐकलेलं नव्हतं. मित्राला म्हटलं चल, तर म्हणतो, "काय बे, बर्गमनसारखं असणार, झोप लागंल." आता बर्गमन हा डायरेक्टर स्वीडनचा, पण त्याच्याशी कोण वाद घालणार, एकटाच गेलो. कार्लमारबाईंचा जन्म १९११ चा, आधी नाच आणि नाटकात कामं, मग १९४९ ला त्यांनी पहिला पिक्चर केला आणि फीचर फिल्म डायरेक्ट करणारी नॉर्वेतली पहिली बाई ठरल्या. नवरा ऑटो स्क्रिप्ट लिहायचा, कंपनी दोघांची घरचीच. १९५९ पर्यंत दहा पिक्चर काढले आणि मग डायरेक्शन बंद ते बंदच, त्या पुढं २००३ पर्यंत जगल्या तरी.

पहिल्या रविवारी तो १९४९ चाच होता, इंग्रजी नाव 'डेथ इज अ कॅरेस'. गॅरेजमधला मेकॅनिक, लग्न ठरलेलं, आणि श्रीमंताघरच्या लग्न झालेल्या बाईच्या नादी लागतो, शेवट काय होणार ते नावातच आलं. ब्लॅक अँड व्हाइट, सावल्या मस्त. पण सबटायटल मागं पडत होते, पडद्यावर माणूस बोलून गप्प बसला की खाली त्याचं वाक्य उमटायचं. कूलरचा आवाज इतका की नॉर्वेजियन काय न् मराठी काय, सारखंच.

दुसऱ्या रविवारी 'फ्योल्स तिल फ्येल्स', १९५७ ची कॉमेडी, आणि खरं सांगतो, पैसे इथंच वसूल झाले. डोंगरातलं हॉटेल, लीफ युस्टर नावाचा लांबडा कॉमेडियन तिथला पोर्टर, दोन पाहुणे दिसायला एकसारखे, त्यामुळं सगळा घोळ. वीसेक मिनिटांत सबटायटल पूर्णच गेले. आयोजकातला एक पोरगा माईक घेऊन उभा राहिला आणि लॅपटॉपवर इंग्रजी वाचून आपल्या सोलापुरी भाषेत सांगायला लागला, "आता हे साहेब म्हणतेत, माझी खोली कुठंय बे." पाहुणा पोर्टरला बे म्हणतोय! हॉल लोळला. माझ्या शेजारच्या काकू घरी तेलुगू बोलणाऱ्या, त्या डोळे पुसत हसत होत्या आणि मधेच पुढचा सीन मलाच सांगत होत्या. गर्दीत एक पोरगी दिसते, ती पुढं लई गाजलेली नटी लिव उलमन म्हणे, पोरानं दाखवल्यावर सगळे माना वर करून बघायला लागले, तोवर ती गेलेली.

तर क्लबनं वाटलेल्या कागदावर पहिल्या आणि शेवटच्या पिक्चरला अर्धं अर्धं पान आणि या कॉमेडीला दोन ओळी. हे मला पटलं नाही. बाईंनी दहा वर्षं घरची कंपनी चालवली ती काय नुसत्या सावल्यांवर? मधे अशा हसवणाऱ्या पिक्चरांची रांगच आहे त्यांची. ज्याला तिकीट काढून येणारा माणूस कळतो त्याला आपले अभ्यासू लोक जरा खालीच बसवतात, नॉर्वे असो नायतर पुणे. बाकी एक माहिती भारी होती, तिकडं १९१३ च्या कायद्यानं टॉकीजचं लायसन नगरपालिकेच्या हातात गेलं आणि मग बऱ्याच टॉकीज नगरपालिकांनीच चालवल्या. काकू म्हणाल्या, "म्हणजे घरपट्टी भरली की तिकीट फुकट का ओ?"

तिसरा 'उंग फ्लुक्त', १९५९, कार्लमारबाईंचा शेवटचा. लिव उलमन विशीतली, पहिलाच मोठा रोल. घरचे नको म्हणतात तर पोरगा पोरगी पळून जंगलातल्या झोपडीत जातात. तिला 'वाईट चालीची' म्हणून कॅमेरा बोट दाखवत नाही, ती बिनधास्त वावरते आणि आपण बघत बसतो. या वेळी सबटायटल नीट होते, लाईट पण गेली नाही.

खुर्च्या मात्र प्लास्टिकच्या, दीड तासानं पाठ बोलते. पार्किंग गल्लीतच, गाडी आडवी लावू नका, समोरचे आजोबा ओरडतात. चहा खालच्या टपरीवरून वर येतो, १० रुपये, इंटरव्हलला गर्दी होते म्हणून आधीच सांगून ठेवा. माझ्याकडून पाचपैकी साडेतीन, त्यातला अर्धा त्या माईकवाल्या पोराचा. पुढच्या वेळी सबटायटल असले तरी बंद करून त्यालाच उभा करा.