सावंतवाडीची दशावतारी गंजिफा: शोकेसमध्ये ठेवू नका, खेळा

सावंतवाडीच्या राजवाड्यात कारागीर बसून गंजिफा (जुन्या पद्धतीचे गोल पत्ते) रंगवतात. बहुतेक पर्यटक ते बघतात, फोटो काढतात, फार तर फ्रेम केलेलं एखादं पान घेतात आणि गोव्याकडे निघतात. मी अख्खा दशावतारी संच घेतला, 120 पानांचा, रंगवलेल्या लाकडी पेटीसकट. मे महिन्याच्या सुट्टीत घरची सगळी जमली तेव्हापासून तो आमच्याकडे खेळला जातोय. गंजिफेवर लिहिणारे चित्रांबद्दलच लिहितात, खेळाबद्दल फारसं कोणी बोलत नाही, म्हणून हा रिव्ह्यू.

आधी वस्तू कशी आहे ते सांगतो. पानं गोल, तळहातावर मावणारी, पाठ एकाच रंगाची. लाखेचं लुकण असल्यामुळे पान कडक लागतं आणि एकावर एक पडलं की टक्क आवाज येतो. दहा अवतार म्हणजे दहा रंग, प्रत्येकात राजा, प्रधान आणि एक्क्यापासून दश्शीपर्यंत दहा पानं. मत्स्याच्या पानांवर मासे, कूर्माच्या पानांवर कासवं, परशुरामाला परशू, कल्कीला तलवार. प्रत्येक रंगाची जमीनही (चित्रामागची पार्श्वभूमी) वेगळी, त्यामुळे हातातली पानं लावताना डोळ्याला मदत होते. कोपऱ्यात आकडा मात्र नाही. गोल पानाला कोपराच नाही! म्हणजे अठ्ठी की नव्वी हे मासे मोजूनच ठरवायचं. सुरुवातीला वेळ लागतो, मग मांडणीवरूनच पान ओळखता येतं. मत्स्याची सत्ती तर मी तासभर बघू शकेन. सातही मासे एकाच हाताने, एकेका फटकाऱ्यात काढलेत, तरी एकाचा शेपटीचा बाक दुसऱ्यासारखा नाही. छापील पानात ही जान येत नाही.

आमच्या काकीने पेटी उघडल्या उघडल्या विचारलं, "अरे, ही पानां पुजूची की खेळूची? देव हत ह्येच्यार, पाय लागलो तर?" प्रश्न रास्त आहे. आम्ही धुतलेली चादर अंथरून त्यावर खेळतो. पण ही पानं मुळात खेळण्यासाठीच झाली. खेळता खेळता तोंडात देवाचं नाव येतं, म्हणून जुनी माणसं या खेळाला वाईट मानत नसत. ज्या मुलखात रात्र रात्र दशावतार या लोकनाट्याचे खेळ होतात, तिथे मत्स्य, वराह, नरसिंह हातात धरून खेळणं काकीलाही लवकरच सवयीचं झालं. आता डाव मांडायची घाई तिलाच असते.

आता खेळ. तिघांनी खेळायचं, प्रत्येकाला 40 पानं. दिवसा डाव मांडला तर रामाच्या राजाची उतारी (म्हणजे पहिली चाल), रात्री मांडला तर कृष्णाच्या राजाची. मेंढीकोटासारखा हुकूम नाही, त्यामुळे हातात चार हुकमाची पानं आली म्हणून निभावून नेता येत नाही. सगळा खेळ स्मरणशक्तीचा. एखाद्या रंगातली कोणती पानं पडली, बाहेर राहिलेलं सगळ्यात मोठं पान कोणाकडे, हे दहा रंगांचं एकाच वेळी लक्षात ठेवायचं. राजा आणि प्रधान पडून गेले की तुमच्या हातातलं मधलं पान अचानक त्या रंगाचं मालक होतं, पण ते झालंय हे तुम्हाला कळलं पाहिजे. रमी खेळणाऱ्यांपेक्षा आमच्याकडे लॅडीस खेळणारे यात लवकर रुळले, कारण पडलेली पानं मोजायची सवय त्यांना आधीच होती.

यातला एक नियम सगळ्यांना गोंधळात टाकतो. पाच रंगांत राजा-प्रधानांच्या खाली दश्शी मोठी आणि एक्का सगळ्यात हलका. उरलेल्या पाचांत उलटं: एक्का मोठा, दश्शी हलकी. आमच्या भाच्याला हे "उगाच अवघड केलंय" असं वाटलं. पण मला या संचातली सगळ्यात मोलाची गोष्ट हीच वाटते, कारण इथेच जगभरच्या पत्त्यांचं नातं दिसतं. इटलीत पंधराव्या शतकात सुरू झालेल्या टॅरोच्या खेळात (भविष्य सांगायला ती पानं खूप नंतर वापरली जाऊ लागली, आधी तो साधा हात करायचा खेळच होता) पेले आणि नाणी या दोन रंगांत क्रम असाच उलटा. स्पेनच्या ओंब्रे खेळातही तेच. आठ रंगांच्या मुघल गंजिफेतही चार रंग सुलटे आणि चार उलटे. इतक्या लांबलांबच्या बैठकांत एकच चमत्कारिक नियम सापडतो, तो योगायोग कसा मानायचा?

पत्ते चीनमधून पश्चिमेला सरकले असं अभ्यासक मानतात. इस्तंबूलच्या तोपकापी राजवाड्यात इजिप्तच्या मामलुक काळातला एक संच आहे. त्यात पेले, नाणी, तलवारी आणि पोलोच्या काठ्या असे चार रंग आहेत. युरोपात पत्त्यांच्या नोंदी 1370 च्या दशकात येतात, आणि 1377 मध्ये फ्लॉरेन्समध्ये त्यांच्यावर बंधनही आलं. युरोपात पोलो कोणी खेळत नव्हतं, म्हणून काठीचा सोटा झाला. पुढे फ्रेंचांनी साच्याने चटकन रंगवता येतील अशा सोप्या खुणा केल्या, आणि त्याच आपल्या इस्पिक, बदाम, चौकट, किलवर. आपल्याकडची वाट इराणकडून आली. 1527 मध्ये बाबराने सिंधच्या शाह हसनला गंजिफा पाठवल्याची नोंद बाबरनाम्यात आहे. अकबराच्या दरबारातल्या पानांचं वर्णन आईन-इ-अकबरीत मिळतं. दशावताराचं रूप त्यानंतर आपल्या चितारींनी दिलं, आणि ते सावंतवाडीपासून बंगालच्या बिष्णुपूरपर्यंत पोहोचलं.

सावंतवाडीत कधीकाळी चितारींची अनेक घरं होती. दरबारासाठी 'दरबार कलम' आणि सामान्यांसाठी 'बाजार कलम', अशा दोन प्रती निघत. मग छापील, चौकोनी, स्वस्त पत्ते आले आणि हाताने रंगवलेली 120 पानं त्यांच्यापुढे टिकणं शक्यच नव्हतं. स्वातंत्र्यानंतर सावंतवाडीच्या राजघराण्यातले शिवरामराजे आणि सत्त्वशीलादेवी भोसले यांनी उरलेल्या जुन्या चितारींकडून ही कला पुन्हा शिकवून घेतली, राजवाड्यातच काम सुरू केलं, म्हणून आज आपल्याला ही विकत घेता येते. मला याबद्दल मनापासून कृतज्ञता वाटते. जपानमध्ये निन्तेन्दो ही कंपनी 1889 मध्ये क्योतोत हानाफुदाची पानं करायला म्हणून सुरू झाली, आणि तिथे हानाफुदा आजही घरात खेळतात. त्या पानांवरही आकडे नाहीत, बारा महिन्यांची फुलं-झाडं आहेत. म्हणजे आकड्यांवाचून माणसं खेळू शकत नाहीत हे खरं नाही.

अडचणीही सांगायला हव्यात. चाळीस गोल पानांचा पंखा हातात धरणं कष्टाचं आहे. काकीच्या बोटांना संधिवात आहे, तिला निम्मी पानं पालथी खाली ठेवावी लागतात. आपल्या पत्त्यांसारखी पानं पिसता येत नाहीत, चादरीवर पालथी पसरून हाताने ढवळायची. वाकवायची तर अजिबात नाहीत, कडेला लाख उडते. डाव संपायला बराच वेळ लागतो, त्यामुळे पोरांना पहिल्या दिवशी पूर्ण डाव देऊ नका. आम्ही आधी पाचच रंग घेऊन 60 पानांत सराव केला, हा उपाय लागू पडला.

किंमत हजारांत आहे. नुसती पत्त्यांची हौस म्हणून बघाल तर महाग. पण 120 चित्रं, तीही हाताने काढलेली, असा हिशोब केलात तर मला ती रास्त वाटते, कमीच. बाहेरून घेणार असाल तर हाताने रंगवलेली की छापलेली हे आधी स्पष्ट विचारून घ्या. एकाच रंगातल्या दोन पानांवरची तीच खूण शेजारी धरा: दोन्ही तंतोतंत सारखी दिसली तर ते छापील. नियमही तिथेच, खेळणाऱ्या माणसाकडून बसून समजून घ्या आणि लिहून आणा, कागदावरून शिकायला हा खेळ जड आहे. दशावतार महाग वाटला तर नवग्रहांचा 108 पानांचा संचही असतो. पण घरात तीन जण बसणारे असतील तर मी दशावतारीच घ्या म्हणेन, आणि पेटी काचेच्या कपाटात न ठेवता हाताशी येईल अशा फळीवर ठेवा.